जुना मोबाइल देण्याआधी

हल्ली गावात आरोळी येते, "जुना, फुटका मोबाइल द्या, टब-बादली न्या." पण त्या मोबाइलमध्ये आपले फोटो, आधार कार्ड, गटाच्या पासबुकाचं पान, बँकेचे मेसेज असतात. ते कुणाच्या हाती जातील, सांगता येत नाही.

म्हणून आधी हवे ते फोटो आणि नंबर नव्या फोनवर घ्या. पैशांच्या अ‍ॅपमधून बाहेर पडा. सिम आणि मेमरी कार्ड काढा. सेटिंगमधून गुगल खातं काढा, नाहीतर घेणाऱ्याकडे फोन तुमचाच पासवर्ड मागत अडू शकतो. शेवटी सेटिंगमध्येच 'रीसेट' शोधून 'इरेज ऑल डेटा' करा. नुसते फोटो डिलीट करून भागत नाही. ते 'ट्रॅश'मध्ये काही दिवस राहू शकतात.

फोन सुरूच होत नाही? तरी आतली माहिती तशीच असू शकते. ओळखीच्या दुकानात समोर बसून सुरू करून घ्या आणि पुसा. तेही जमलं नाही तर फोन घरातच राहू द्या. बादली बाजारात मिळते.

खात्यातून पैसे गेलेच, तर लगेच १९३० वर फोन करा.

ज्या ताईंना जुना फोन द्यायचाय, त्यांनी तो पुढच्या बैठकीला आणावा. मिळून पुसू.