अठरा तासांचा अभ्यास आणि मागे उभी असलेली माणसं

(दिल्लीत उच्च शिक्षणासाठी नव्याने आलेल्या मराठी विद्यार्थ्यांसमोर केलेल्या भाषणाचं शब्दांकन)



मला दिलेला विषय आहे, 'संकटात खचून न जाता पुढे कसं जायचं?' या विषयावर दिल्लीत सल्ल्यांची टंचाई नाही. क्लासेसच्या जाहिरातींत, मोबाइलवरच्या रील्समध्ये तेच ऐकू येतं. पहाटे पाचला उठा, स्वतःवर विश्वास ठेवा, नकारात्मक माणसांपासून लांब राहा. लवकर उठायला माझी हरकत नाही. शेवटच्या सल्ल्याबद्दल मात्र आहे. तोंडी परीक्षेत आडनावावरून टोमणा ऐकावा लागला, असं सांगणारी मैत्रीण 'नकारात्मक' ठरते आणि ऐकून गप्प बसणारा 'सकारात्मक'. अन्याय राहतो बाजूला, दोष मात्र आपल्या स्वभावाचा निघतो.

मी समाजशास्त्राची विद्यार्थिनी आहे. सी. राइट मिल्स या समाजशास्त्रज्ञाने १९५९ साली एक साधा फरक सांगितला. एखाद्याची नोकरी गेली तर ती त्याची अडचण असू शकते. लाखोंची गेली तर तो सार्वजनिक प्रश्न असतो. २००७ साली प्रा. सुखदेव थोरात समितीने एम्समधल्या दलित-आदिवासी विद्यार्थ्यांची स्थिती मांडली. छळाला कंटाळून विद्यार्थी वसतिगृहातल्या खोल्या बदलत होते, ठरावीक मजल्यांवर एकत्र राहत होते. त्यातल्या प्रत्येकाला 'तू मन खंबीर कर' एवढंच सांगणं म्हणजे गळक्या छपराखाली बसलेल्याला भिजायची सवय कर म्हणण्यासारखं आहे.

मग आपण उभं राहायचं कशाच्या आधारावर?

आपल्या वस्त्यांत एक सुंदर प्रथा आहे. एप्रिल आला की विहारात, वाचनालयात सलग अठरा तास अभ्यासाचा उपक्रम होतो. मीही त्यात बसले आहे. बाबासाहेबांना अभिवादन म्हणून पुस्तक उघडून बसणारा समाज, ही अभिमानाचीच गोष्ट आहे. पण बाहेर कोणीतरी चहा करत असतं, जेवणाची ताटं वाढत असतं, लहान पोरांना सांभाळत असतं. अठरा तासांचा हिशेब आपण ठेवतो, या माणसांचा ठेवत नाही. बाबासाहेबांची गोष्ट सांगतानाही आपण असंच करतो.

ती गोष्ट एकदा पैसा, वेळ आणि माणसं यांच्या बाजूने बघू या. १९१३ साली बडोद्याच्या सयाजीराव गायकवाडांची शिष्यवृत्ती मिळाली, दरमहा साडेअकरा पौंड, तीन वर्षांसाठी. अट होती परतल्यावर दहा वर्षं संस्थानात नोकरी करण्याची. कोलंबियात १९१५ साली एम.ए. झालं. १९१६ साली ते लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्समध्ये दाखल झाले आणि १९१७ साली शिष्यवृत्तीची मुदत संपली. शिक्षण अर्धवट टाकून परतावं लागलं. परतण्याआधी मात्र त्यांनी संस्थेकडून चार वर्षांच्या आत परत येऊन शिक्षण पूर्ण करण्याची परवानगी घेतली. माझ्या दृष्टीने हा प्रसंग अठरा तासांच्या अभ्यासाइतकाच मोठा आहे. दार बंद होत होतं, तेव्हा त्यांनी त्यात पाय अडकवून ठेवला.

पुढचं तुम्हाला ठाऊक आहे. बडोद्यात एवढ्या शिकलेल्या माणसाला राहायला खोली मिळेना. पारशी धर्मशाळेतून काठ्या घेतलेल्या जमावाने बाहेर काढलं. मुंबईच्या गाडीला वेळ होता, तेवढा त्यांनी सार्वजनिक बागेत बसून काढला. मग मुंबईत सिडनहॅम कॉलेजात १९१८ ते १९२० प्राध्यापकी. १९२० च्या जानेवारीत 'मूकनायक' सुरू झालं, मार्चमध्ये माणगावची परिषद झाली आणि जुलैमध्ये ते पुन्हा लंडनला निघाले. मुदत संपायला वर्ष बाकी होतं. खिशात स्वतःची शिल्लक, राजर्षी शाहू महाराजांची मदत आणि नवल भथेना या पारशी मित्राकडून उसने घेतलेले पाच हजार रुपये. काही पारशांनी काठ्या उगारल्या आणि एका पारशाने पैसे दिले. हेही लक्षात ठेवा, कारण या शहरात तुम्हाला दोन्ही प्रकारची माणसं भेटणार आहेत. आणि मुंबईत, परळच्या चाळीत, तुटपुंज्या पैशांत घर चालवत होत्या रमाई.

एवढं करूनही 'रुपयाचा प्रश्न' हा डी.एस्सी.चा प्रबंध पहिल्या खेपेला मान्य झाला नाही. दुरुस्त्या सांगितल्या गेल्या. हातात पैसे उरले नव्हते. १९२३ साली ते मुंबईला आले, इथून प्रबंध दुरुस्त करून पाठवला आणि त्याच वर्षी तो मान्य झाला. तुमच्या गाइडने प्रकरण लाल करून परत पाठवलं की हे आठवा.

म्हणजे यात बुद्धी होती, जिद्द होती, यात वादच नाही. पण त्यासोबत शिष्यवृत्ती होती, मुदतवाढ होती, कर्ज होतं, मित्र होता, घर सांभाळणारी बाई होती. आणि बाबासाहेबांनी यातून धडा काय घेतला, ते त्यांच्या पुढच्या कामात दिसतं. 'माझ्यासारखे कष्ट करा' एवढंच सांगून ते थांबले नाहीत. १९२४ साली बहिष्कृत हितकारिणी सभा काढली, पुढच्याच वर्षी तिने सोलापूरला वसतिगृह सुरू केलं. व्हाइसरॉयच्या मंत्रिमंडळात असताना, १९४४ साली, दलित विद्यार्थ्यांसाठी केंद्राची शिष्यवृत्ती सुरू झाली. १९४५ साली पीपल्स एज्युकेशन सोसायटी, १९४६ साली सिद्धार्थ कॉलेज. स्वतःला जे मोठ्या मुश्किलीने मिळालं, ते पुढच्यांना हक्काने मिळावं, म्हणून त्यांनी संस्था बांधल्या. तुमच्या-माझ्या हातातली पोस्ट मॅट्रिक शिष्यवृत्ती हा त्याच वाटेवरचा टप्पा आहे.

म्हणून मदत मागणं हा कमकुवतपणा नाही. मी दिल्लीत आले तेव्हा पूर्ण नाव ऐकल्यावर 'खोली कालच गेली' असं सांगणारे घरमालक मलाही भेटले. दीड महिना मी एका सीनियर ताईच्या वसतिगृहातल्या खोलीत जमिनीवर गादी टाकून राहिले. तिने मला धीराचे चार शब्द सांगितले असतील, ते आता आठवत नाहीत. गादी आठवते.

तुम्हाला चार गोष्टी सांगते, चारही वापरायच्या आहेत.

पहिली, मुदतीचे नियम वाचा. यूजीसीच्या २०२२ च्या नियमांत पीएच.डी.साठी सहा वर्षं आहेत, पुनर्नोंदणी करून आणखी दोन मिळू शकतात. स्त्रियांना आणि ४० टक्क्यांहून अधिक अपंगत्व असलेल्यांना त्याहून दोन वर्षं जास्त. घरी अडचण आली तर गुपचूप निघून जाऊ नका. अर्ज करा, पोच घ्या.

दुसरी, फेलोशिप रखडते, हे गृहीत धरून चाला. पाच-सहा जणांनी मिळून दरमहा थोडे पैसे बाजूला टाका. आपल्या आयांच्या बचत गटाला जे जमतं, ते आपल्याला जमायला हरकत नाही.

तिसरी, अपमान झाला तर त्याच दिवशी तारीख, वेळ, जागा आणि उपस्थितांची नावं लिहून ठेवा. तक्रार करायची की नाही, ते नंतर ठरवा. करायची ठरली तर एससी-एसटी कक्षात एकट्याने जाऊ नका.

चौथी, झोप लागेनाशी झाली, जगणं नकोसं वाटू लागलं, तर ते त्याच दिवशी कोणाला तरी सांगा. १४४१६ हा टेलि-मानस या सरकारी सेवेचा मोफत क्रमांक आहे, आत्ताच मोबाइलमध्ये टाका. १७ जानेवारी २०१६ ला आपण हैदराबाद विद्यापीठात रोहित वेमुला गमावला. त्याची फेलोशिप कित्येक महिने बंद होती, वसतिगृहातून त्याला बाहेर काढलं होतं. त्याच्या हिमतीत काही कमी नव्हतं. त्याच्या पायाखालचं एकेक काढून घेतलं गेलं. आपल्यातल्या कोणाच्याही पायाखालचं असं काही सरकायला लागलं, तर ते बाकीच्यांना कळलं पाहिजे.

विश्वविद्यालय मेट्रोवरून दोन स्थानकं गेलं की सिव्हिल लाइन्स येतं. तिथे २६, अलीपूर रोड आहे, बाबासाहेबांचं परिनिर्वाण झालं ती जागा. एखाद्या रविवारी जाऊन या. तिथे नानकचंद रत्तूंचीही आठवण काढा. पंजाबातून आलेला हा माणूस सरकारी नोकरी करून उरलेल्या वेळात बाबासाहेबांचं लिखाण टाइप करून द्यायचा. 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' आपल्या हातात आला, त्यात त्या बोटांचाही वाटा आहे.

आज इथून जाताना आपल्या शेजारी बसलेल्याचा नंबर घेऊन जा. पुढच्या वर्षी गावाकडून कोणी नवं आलं, तर त्याच्यासाठी तुमच्या खोलीत एक गादी असू द्या.

जय भीम.