एका पट्टीची साक्ष



बंदुकीचा इतिहास म्हटला की पल्ला किती आणि गोळी केवढी, हेच बहुधा विचारले जाते. मी आज बोटभर लांबीच्या एका पोलादी पट्टीविषयी बोलणार आहे.

1895 साली ब्रिटिश सैन्याने ‘ली-एनफिल्ड’ रायफल स्वीकारली. तिच्या मॅगझिनमध्ये 10 काडतुसे मावत. पण मॅगझिनच्या तोंडावर सरकणारी एक पट्टी होती. ती आत ढकलली की खालची काडतुसे बंद. मग शिपायाने एकेक काडतूस हाताने भरून झाडायचे आणि मॅगझिन अधिकाऱ्याच्या हुकमापर्यंत राखून ठेवायचे. मोकळीक दिली तर शिपाई दारूगोळा उधळेल, ही त्यामागची धास्ती.

1899 मध्ये दक्षिण आफ्रिकेत बोअर शेतकऱ्यांशी गाठ पडली. त्यांच्या हाती जर्मन माउझर होती. क्लिपमधली 5 काडतुसे अंगठ्याच्या एका दाबात आत जात. ब्रिटिश शिपायाला मॅगझिन रिकामे झाले की एकेक काडतूस भरावे लागे. त्या डिसेंबरात एकाच आठवड्यात स्टॉर्मबर्ग, मागर्सफोंटेन आणि कोलेन्सो येथे इंग्रजांचा पराभव झाला. त्यात सेनापतींच्या चुका होत्याच. पण बंदुकीची उणीवही उघडी पडली.

त्यातून आखूड ली-एनफिल्ड घडली. नळी 30 इंचांवरून 25 इंचांवर आली आणि पायदळ व घोडदळ दोघांसाठी एकच रायफल झाली. 1907 च्या ‘मार्क 3’ नमुन्यात बोल्टच्या वाटेवर क्लिप बसवण्याची पक्की खाच होती. सराव असा, की शिपाई मिनिटाला 15 नेमके बार काढी. आणि तरीही त्याच खाचेखाली ती जुनी पट्टी होती! वर शिपायावरचा विश्वास, खाली अविश्वास. एकाच हत्यारात दोन्ही.

हा अविश्वास आपण अधिक ओळखतो. 1857 चा शिपायांच्या उठावाचा भडका उडाला तो एनफिल्ड नावाच्याच जुन्या रायफलच्या काडतुसांवरून. त्यानंतर हिंदी पलटणींना गोऱ्यांपेक्षा जुनी हत्यारे देण्याचे धोरण आले. 1914 मध्ये पहिल्या महायुद्धात फ्रान्सच्या मदतीला गेलेले हिंदी शिपाई मार्सेय बंदरात उतरले, तेव्हा कुठे त्यांच्या हाती नवी मार्क 3 पडली. ज्या बंदुकीने लढायचे, तिची ओळख रणांगणाच्या वाटेवर झाली.

पुढे युद्धात रायफली पुरेनात. 1916 च्या सुधारित नमुन्यात कारखान्यांचे काम हलके करण्यासाठी अनेक भाग गाळले गेले, त्यांत ही पट्टीही होती. शिपायाविषयीचे मत पालटले म्हणून नव्हे, तर ती घडवायला वेळ नव्हता म्हणून. आघाडीवर तिच्यावाचून काही अडले नाही.

श्रोतेहो, एखाद्या संग्रहालयात ही रायफल दिसली, तर तिच्या उजव्या अंगाला वाकून पाहा. ती पट्टी असेल, तर हुकूम देणाऱ्याला हुकूम पाळणाऱ्याविषयी काय वाटत होते, ते तिथे पोलादात घडवून ठेवलेले दिसेल.