बुखारेस्टच्या मेट्रोतली मुले

एडेट बेल्झबर्ग यांचा ‘चिल्ड्रन अंडरग्राउंड’ (२००१) हा माहितीपट रुमानियाच्या राजधानीत, बुखारेस्टमध्ये, मेट्रो स्थानकात राहणाऱ्या पाच बेघर मुलांचा आहे. लोकसंख्या वाढावी म्हणून तिथला हुकूमशहा चाउशेस्कू याच्या राजवटीने १९६६ साली गर्भपातावर जवळजवळ बंदीच घातली. नकोशी मुले अनाथालयांत कोंबली गेली. १९८९ साली राजवट कोसळल्यावर त्यांतली कित्येक मुले रस्त्यावर आली. घरच्या मारझोडीला कंटाळून पळालेलीही होतीच. पडद्यावर ही मुले पुठ्ठ्यावर झोपतात, भीक मागतात, प्लास्टिकच्या पिशवीत ओतलेला चंदेरी रंग हुंगतात. तो रंग तोंडाभोवती चिकटलेला असतो. मुलासारखे केस कापलेली एक मुलगी टोळीवर हुकमत गाजवते. माहितीपटाला ऑस्करचे नामांकन मिळाले. मारहाण चाललेली असतानाही कॅमेरा मात्र चित्रण थांबवत नाही, आणि ते पाहणे अवघड जाते.