कूलरच्या ताटीचे माप
(वर्धापनदिनाच्या सभेतील भाषण)



माझे शिक्षण सातवीपर्यंतचे. मोठ्या विषयावर बोलण्याचा माझा अधिकार नाही. परंतु वस्तू मापून आणावी, एवढे आपणा सर्वांना कळते. पोलक्याचे कापड घेताना आपण टेप लावतो. मग कूलरची ताटी आणतानाच ‘मोठा कूलर आहे, त्याची द्या’ असे का सांगतो?

पूर्वी दारांना वाळ्याच्या ताट्या लावून त्यांवर पाणी शिंपडीत. कूलर हे त्याचेच सुधारलेले रूप. माठातले पाणी ज्या न्यायाने गार होते, तोच न्याय येथे. पाण्याची वाफ होताना ते भोवतालची उष्णता ओढून घेते, म्हणून ओल्या ताटीतून आलेली हवा गार लागते. पण हवा मोठी लबाड! मोकळी फट मिळाली की ती ओल्या गवतातून कशाला जाईल? २४ इंच उंच ताटीच्या कडेला अर्धा इंच फट राहिली, तर १२ चौरस इंच झाले. म्हणजे तळहाताएवढे भोक! त्यातून वैशाखाची झळ आणि रस्त्यावरची धूळ थेट घरात येते.

आता माप कसे घ्यावे ते सांगते. आधी पिन काढून ठेवावी. नुसते बटण बंद करून भागत नाही. मग चौकट काढून तिची आतली उंची, रुंदी आणि खोली मोजावी. तिन्ही बाजू वेगवेगळ्या मोजाव्यात, कारण मागची बाजू पुष्कळदा रुंद असते. जुन्या ताटीवरून माप घेऊ नये. ती दबलेली असते. टाकीत किती लिटर मावते किंवा पंखा किती इंची आहे, यावरून ताटीचे माप ठरत नाही.

पोळ्यासारखी कागदी जाळी असेल तर जाडीही बरोबर हवी; तिला दाबून बसवता येत नाही. लाकडी गवत ओले झाले की खाली बसते आणि वर फट पडते. म्हणून वरच्या कडेला ते जरा दाट भरावे. मात्र उशीसारखे ठासू नये, हवा कोंडते. बोअरच्या पाण्याचे क्षार साचून कडक झालेली ताटी मापाची असली तरी बदलावी.

माझे माहेर लातूरचे. २०१६ च्या एप्रिलात तेथे मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले. पहिल्या गाडीच्या १० वाघिणींत सुमारे ५ लाख लिटर पाणी होते. आपल्या नांदेडला गोदामाईचा आधार आहे. तरी उन्हाळ्यात नळाची वाट पाहणे आपल्याला नवे नाही. फट राहिली की खोली गार होत नाही, कूलर जास्त वेळ चालवावा लागतो आणि पाणीही जास्त खर्ची पडते. पारा ४२ वर गेला असता घरातल्या म्हाताऱ्या माणसांना आणि तान्ह्या बाळांना तो गारवा म्हणजे चैन नव्हे, गरज आहे.

तेव्हा भगिनींनो, यंदा माप घेतलेत की ते कागदावर लिहून कपाटाच्या दाराला आतून चिकटवून ठेवा. पुढल्या चैत्रात तो कागद घेऊन दुकानात जा, आणि शेजारणीलाही टेप द्या. मापात पाप नको, एवढेच माझे सांगणे.