दिवेलागणीला अडखळणारे मूल : ‘अ’ जीवनसत्त्वाचा अभाव आणि टाळता येणारे अंधत्व

‘अ’ जीवनसत्त्वाच्या अभावामुळे येणारे अंधत्व मुख्यतः लहान मुलांना येते आणि ते जवळजवळ पूर्णपणे टाळता येते. सहा महिने ते पाच वर्षे हे धोक्याचे वय. या वयात वाढ झपाट्याने होते, जुलाब आणि गोवर शरीरातला साठा संपवतात आणि अंगावरचे दूध सुटल्यावर ताटात बहुधा भातच येतो. २०१६ ते २०१८ या काळातील राष्ट्रीय पोषण सर्वेक्षणात एक ते चार वर्षांच्या सुमारे १८ टक्के भारतीय मुलांच्या रक्तात हे जीवनसत्त्व कमी आढळले. डोळा जाण्याइतका तीव्र अभाव आता विरळ झाला आहे. पण जिथे या जीवनसत्त्वाचा डोस आणि आहार दोन्ही चुकतात तिथे धोका कायम राहतो.

रायगड जिल्ह्यातील महाड आणि पोलादपूर तालुक्यांत हे दोन्ही चुकण्याची कारणे उघड आहेत. भात, नाचणी, वरी ही इथली पिके. पांढऱ्या तांदळात ‘अ’ जीवनसत्त्व नसते, नाचणीत नगण्य असते. डोंगरउतारावरच्या वाड्या पावसाळ्यात तुटतात. कातकरी कुटुंबे दिवाळीनंतर वीटभट्ट्यांवर आणि कोळसाभट्ट्यांवर जातात, ती पावसाच्या तोंडावर परततात. मधल्या काळात मुलांची अंगणवाडी सुटते आणि तिथला डोसही.

अभावाची चिन्हे बहुधा ठरावीक क्रमाने दिसतात. पहिले चिन्ह रातांधळेपणा. मंद उजेडात पाहण्यासाठी दृष्टिपटलातील दंडपेशींना ऱ्होडॉप्सिन हे द्रव्य लागते आणि ते ‘अ’ जीवनसत्त्वापासून बनते. या शोधासाठी जॉर्ज वाल्ड यांना १९६७ चे नोबेल पारितोषिक विभागून मिळाले. मात्र उपचार त्याआधी कितीतरी शतके ठाऊक होता : सुश्रुतसंहितेत रातांधळेपणावर बकऱ्याचे यकृत सांगितले आहे आणि यकृत हाच या जीवनसत्त्वाचा सर्वांत मोठा साठा आहे. दिवसभर अंगणात हुंदडणारे मूल दिवेलागणीला भिंत धरून चालते, ताटातला घास चाचपडते किंवा एका जागी बसून राहते. हे डॉक्टरांच्या आधी आईला दिसते. या टप्प्यावर डोस मिळाला तर एक-दोन दिवसांत दृष्टी सुधारते.

पुढे डोळ्याच्या पांढऱ्या भागाची चकाकी जाते. तो कोरडा आणि सुरकुतलेला दिसतो. बुबुळाच्या शेजारी, बहुधा कानाकडच्या बाजूला, साबणाच्या फेसासारखा पांढुरका ठिपका उमटतो. फ्रेंच वैद्य पिएर बितो यांनी १८६३ मध्ये त्याचे वर्णन केले, म्हणून तो ‘बिटॉटचा ठिपका’. पुसला तरी तो पुन्हा येतो. सहा वर्षांखालील मुलांपैकी ०.५ टक्क्यांहून अधिक मुलांत असे ठिपके आढळले तर तो सार्वजनिक आरोग्याचा प्रश्न समजावा, असा जागतिक आरोग्य संघटनेचा निकष आहे.

इथपर्यंतचे नुकसान भरून येते. बुबुळावरचा पारदर्शक पडदा, म्हणजे कॉर्निया, कोरडा आणि धुरकट झाला की वेळ फार थोडा उरतो. त्यावर जखम होते आणि काही तासांत किंवा दिवसांत तो मऊ होऊन विरघळतो. बरी झालेली जखम पांढरे फूल ठेवून जाते. ते औषधाने जात नाही. गोवर झालेल्या कुपोषित मुलात रातांधळेपणा लक्षात येण्याआधीच ही अवस्था येऊ शकते. अशा डोळ्यात पाल्याचा रस, दूध किंवा तूप घालू नये. मुलाला त्याच दिवशी ग्रामीण रुग्णालयात न्यावे.

उपचार स्वस्त आहे. एक वर्षावरील मुलाला २ लाख युनिट लगेच, तेवढेच दुसऱ्या दिवशी आणि तिसरा डोस किमान दोन आठवड्यांनी देतात. सहा ते बारा महिन्यांच्या बाळाला प्रत्येक वेळी १ लाख, तर त्याहून लहान बाळाला ५० हजार युनिट देतात. गरोदर स्त्रीला एवढा मोठा डोस देत नाहीत, कारण त्याने गर्भात व्यंग येऊ शकते.

प्रतिबंधाचा राष्ट्रीय कार्यक्रम १९७० पासून चालू आहे. नवव्या महिन्यात गोवर-रुबेलाच्या लसीबरोबर १ लाख युनिट आणि नंतर पाच वर्षांचे होईपर्यंत दर सहा महिन्यांनी २ लाख, असे एकूण नऊ डोस ठरलेले आहेत. त्यांचा लाभ डोळ्यांपुरता नाही. इंडोनेशियातील आचे प्रांतात आल्फ्रेड सॉमर यांच्या अभ्यासात डोस मिळालेल्या गावांत बालमृत्यू सुमारे एक तृतीयांशाने कमी आढळले; तो अभ्यास १९८६ मध्ये प्रसिद्ध झाला.

डोस हा आधार. रोजची गरज मात्र ताटातूनच भागायला हवी. या दोन्ही तालुक्यांत त्यासाठी विकत आणावे लागते ते थोडे. परसातला शेवग्याचा पाला, अळू, माठ, लाल भोपळा, पिकलेली पपई. पावसाच्या सुरुवातीला टाकळा. वैशाखात रायवळ आंबा. अंडे, कलेजी आणि अख्खे खाल्ले जाणारे लहान मासे यांतले जीवनसत्त्व शरीर अधिक सहज घेते. पालेभाजीला थोडे तेल हवेच, कारण हे जीवनसत्त्व स्निग्ध पदार्थाबरोबर शोषले जाते. पहिले सहा महिने मात्र फक्त अंगावरचे दूध द्यावे.

कामासाठी गाव सोडणाऱ्या कुटुंबाने मुलाचे लसीकरण कार्ड बरोबर न्यावे आणि भट्टीजवळच्या अंगणवाडीत दाखवावे. परतल्यावर आशाताईंनी चुकलेला डोस विचारून द्यावा. आणि संध्याकाळी मूल अडखळते असे कोणत्याही आईने सांगितले, तर ते हसण्यावारी न नेता दुसऱ्याच दिवशी त्याला आरोग्य केंद्रात न्यावे.