काविळीचा आकडा कसा वाचावा

मंडळी, रक्ततपासणीच्या कागदावर ‘बिलिरुबिन’ या शब्दापुढे २.४ असा आकडा दिसला की घरात एकच बोलणे सुरू होते – कावीळ! मग कुणी माळ घालायला नेतो, कुणी चुन्याच्या पाण्यात हात धुवायला. जरा थांबा, कागद पुन्हा हातात घ्या.

आपल्या रक्तातली तांबडी पेशी सुमारे १२० दिवस जगते. ती मोडली की एक पिवळा रंग तयार होतो, तोच हा बिलिरुबिन. यकृत त्याला पाण्यात विरघळेल असे रूप देते आणि मग तो पित्ताबरोबर आतड्यात उतरतो. मोठ्या माणसाच्या १०० मिलिलिटर रक्तात तो साधारण १ मिलिग्रॅमपर्यंत असतो.

पण नुसता एकूण आकडा वाचून भागत नाही. खाली ‘डायरेक्ट’ आणि ‘इनडायरेक्ट’ अशा ओळी असतात, त्या पाहा. इनडायरेक्ट म्हणजे यकृताचा हात अजून न लागलेला. तेवढाच वाढला असेल, तर पेशी फार मोडत असतील. नंदुरबार-गडचिरोलीकडे आढळणाऱ्या सिकलसेलमध्ये असे होते. नाहीतर यकृताचे हे एक काम जन्मतःच थोडे मंद असते. त्याला गिल्बर्ट म्हणतात. असा माणूस निरंकार एकादशी करतो आणि आकडा चढतो. जेवू लागला की उतरतो. त्याला औषध लागत नाही!

डायरेक्ट वाढला, तर मात्र यकृताला सूज किंवा पित्ताच्या नळीत अडथळा असू शकतो. लघवी कोऱ्या चहासारखी होते. नळी तुंबली तर शौच पांढुरके होते, अंग खाजते. गुरुजी, एवढे विचारून घ्यायला डॉक्टर कशाला हवा?

आता माळेचे. दूषित पाण्यातून आलेली कावीळ बहुधा काही आठवड्यांत आपली आपण उतरते आणि यश माळेच्या पदरात पडते. नळीत अडकलेला खडा काही माळेला भीत नाही. गरोदर बाईला कावीळ झाली, रोगी बरळू लागला किंवा थंडी वाजून ताप आला, तर त्याच दिवशी रुग्णालय गाठा.

तान्ह्या बाळाला मोठ्यांचा आकडा लावू नका. दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी पुष्कळ बाळे पिवळसर दिसतात. पण पहिल्या २४ तासांतच पिवळे झाले, तळपाय पिवळे दिसले किंवा बाळ दूध ओढेनासे झाले, तर वेळ दवडू नये. हा रंग फार वाढला की मेंदूत शिरतो. मूल जन्माचे बहिरे होऊ शकते. रुग्णालयात अशा बाळाला निळ्या प्रकाशाखाली ठेवतात. अंगणातले कोवळे ऊन त्याची जागा घेत नाही.