लाल बावट्याचा गळा



१९४४ साली वाटेगावचे अण्णाभाऊ साठे, बार्शीचे अमर शेख आणि द. ना. गवाणकर या तिघांनी मुंबईत लाल बावटा कलापथक उभे केले. भांडवल काय, तर डफ, तुणतुणे आणि गळा. अमर शेखांचा पहाडी आवाज काही सुशिक्षितांना आरडाओरडा वाटे. पण गिरणीच्या खडखडाटात ज्याचे कान बधिर झाले, त्याच्याशी हळू बोलून कसे भागणार?

मुंबई सरकारने तमाशावर बंदी घातली. अण्णाभाऊंनी तोच खेळ ‘लोकनाट्य’ या नावाने मांडला. पुढे संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात हेच शाहीर गावोगाव गर्जले. १९६९ च्या जुलैत अण्णाभाऊ गेले, ऑगस्टमध्ये अमर शेख.

आम्हा कामगारांना संपाचा अर्थ पुस्तकांआधी वडीलधाऱ्यांच्या तोंडच्या पोवाड्यांतून कळला. आज आमच्या द्वारसभेत कर्णे मोठे आहेत. गाणारा मात्र नाही. बोनसचे आकडे आम्हांला पाठ, पोवाडा एकही नाही. बंदीने जो आवाज दबला नाही, तो आमच्या आळसाने का दबावा? नाशिक रोडच्या प्रत्येक युनियनने एक डफ विकत घ्यावा आणि एका तरुणाच्या हाती द्यावा, एवढेच आमचे मागणे आहे.